नाशिकला बंगल्याच्या आवारात बासवूड लावता येईल का? नाहीतर त्याच्या जवळचं कुठलं झाड?

पश्चिमेची_खिडकी

नमस्कार मंडळी. इंदिरानगरच्या बाजूला ४० बाय ६० चा प्लॉट आहे. घराच्या पश्चिमेला १८ फूट मोकळी जागा, मग कंपाउंड, त्यापलीकडे कॉलनीचा रस्ता. मार्च ते जून दुपारी ३ नंतर पश्चिमेच्या खोलीत बसवत नाही, म्हणून तिथे एक मोठं सावलीचं झाड हवंय.

भाऊ मिनेसोटात असतो. तिकडचं बासवूड त्याला फार आवडतं. बदामाच्या आकाराची मोठी पानं, सुवासिक फुलं, फुलोऱ्यात झाडभर मधमाश्या. डिसेंबरला येताना बिया आणतो म्हणतोय. तिकडे स्वतःच्या अंगणातही एक लावणार आहे.

माती: वर अडीच फूट काळी, खाली मुरूम. पाणी नळाचं, कमी पडलं तर बोअरचं (टीडीएस ९०० च्या आसपास).

१) इथे बासवूड जगेल का? २) नसेल तर त्याच गुणांचं आपल्याकडचं झाड कोणतं? ३) घरापासून किती अंतर, खड्डा केवढा, पाणी किती?

---

पानझड

नाशिकला बासवूड लावू नका.

हे झाड, टिलिया अमेरिकाना, उत्तर अमेरिकेच्या पूर्व आणि मध्य भागातलं. तिथे ६० ते ८० फूट वाढतं आणि घेर ३० ते ५० फुटांचा होतो. तुमच्या १८ फुटांत ते मुळातच बसत नाही. पण खरी अडचण थंडीची आहे. हिवाळाभर शून्याखालच्या थंडीत झोपायचं आणि वसंतात उठायचं, हा त्याचा क्रम. आपल्याकडे जानेवारीत पारा ८-१० अंशांवर येतो, एखाद्या रात्री त्याहून खाली जातो आणि दुपारी पुन्हा २८ वर असतो. एवढ्यावर त्याची झोप पुरी होत नाही. कळ्या उशिरा, तुटक फुटतात आणि फुटलेली कोवळी पानं थेट एप्रिलच्या कोरड्या उन्हात सापडतात. पान मोठं आणि पातळ, त्यामुळे कडा करपतात. कोवळ्या खोडाची साल पातळ, ती पश्चिमेच्या उन्हानं तडकते. जुलै-ऑगस्टमध्ये काळ्या मातीत पाणी साचलं की मुळं गुदमरतात, कारण त्याला ओलावा हवा असला तरी निचराही तितकाच लागतो.

बियांचंही सांगतो. त्यांना दोन कुलुपं असतात. कवच टणक, त्यातून पाणी आत शिरत नाही, म्हणून ते आधी घासावं लागतं. आतला अंकुरही झोपलेला. त्याला ओल्या वाळूत, १ ते ५ अंशांत, ३-४ महिने ठेवावं लागतं. फ्रिजमध्ये ठेवून हे साधेल, रोपही निघेल. पण पुढे दरवर्षी झाडाला हिवाळा कुठून आणणार?

आणि भावाला बिया बॅगेत टाकून आणायला सांगू नका. परदेशातून बियाणं किंवा रोप आणायचं तर २००३ च्या वनस्पती विलगीकरण आदेशानुसार आयात परवाना आणि तिकडच्या सरकारी यंत्रणेचं फायटोसॅनिटरी सर्टिफिकेट (रोग-कीड नसल्याचा दाखला) लागतं. ही अट उगाच घातलेली नाही. बियांसोबत येणारी बुरशी किंवा कीड आपल्या झाडांना नवी असते, तिच्याशी झुंजायची त्यांना सवय नसते.

---

सह्याद्रीची_झाडं

पानझड यांनी सांगितलं ते बरोबर. पण बासवूडचा एक सख्खा नातेवाईक आपल्याच जिल्ह्याच्या पश्चिमेला, डोंगरातल्या जंगलात आहे: धामण. शास्त्रीय नाव ग्रेविया टिलीफोलिया. टिलीफोलिया म्हणजे टिलियासारख्या पानांची. म्हणजे तुमच्या भावाचं आवडतं झाड धामणीच्या नावातच आहे. पूर्वी दोन्ही झाडं टिलिएसी कुळात धरत. आता ते कुळ जास्वंद, भेंडी, कापसाच्या माल्व्हेसीत सामील केलंय.

साम्य नुसतं नावात नाही. धामणीचं पान हातात घेऊन मधल्या शिरेवर दुमडा. दोन्ही बाजू एकमेकींवर बसत नाहीत, देठाकडची एक बाजू दुसरीपेक्षा खाली उतरलेली असते. देठापासून पाच शिरा पंजासारख्या फुटतात आणि कडा बारीक दातेरी. बासवूडच्या पानाचा तळही असाच तिरका असतो. अंतरसालीचा वाखही दोघांचा चिवट, दोन्हीकडे त्याचे दोर वळत आले. लाकडात मात्र फरक आहे. बासवूडचं मऊ, कोरीवकामाचं. धामणीचं लवचिक आणि दणकट, म्हणून कुऱ्हाडीचे दांडे धामणीचे करतात.

एप्रिल-मेमध्ये नव्या पालवीबरोबर पानांच्या बगलेत लहान पिवळ्या फुलांचे झुबके येतात. फूल नखाएवढंही नसतं, पण त्यावर सातेरी, फुलोरी आणि पोया या मधमाश्यांची वर्दळ असते. नंतर वाटाण्याएवढी फळं येतात, पिकली की काळी. आंबटसर, खाता येतात. पक्षी मात्र फारशी उरू देत नाहीत.

रोप घेताना नाव सांगून भागत नाही. धामणीच्या नावाखाली ग्रेवियाच्या इतर झुडपी जातीही हातात पडतात. ते पान दुमडून पाहा आणि सरळ एका खोडाचं रोप घ्या. वनविभागाच्या आणि सामाजिक वनीकरणाच्या रोपवाटिकांत पावसाळ्याआधी विचारून ठेवा, खासगी नर्सरीत क्वचित मिळतं. बी लावायचं तर ताज्या पिकलेल्या फळांचा गर धुऊन काढा, बी दोन दिवस पाण्यात भिजवा आणि हवी त्याच्या दसपट लावा. कवच टणक असतं, उगवण कमी होते आणि मागेपुढे होते.

---

कंपाउंडची_बाग

धामण चांगलीच आहे, वादच नाही. पण प्रश्नकर्त्यांची गरज मार्चपासूनच्या सावलीची आहे आणि धामण नेमकी तेव्हा उघडी असते. फेब्रुवारी-मार्चमध्ये पानं झडतात आणि पालवी भरायला एप्रिल उजाडतो. मार्चचं ऊन सरळ खिडकीतून आत येईल. त्या जागी मी बकुळ लावायला सांगेन. बारमाही हिरवी, घट्ट छत्री, वाळल्यावरही वास टिकणारी फुलं, आणि मुळं दांडगाई करणारी नाहीत. एकच उणं: वाढ फार सावकाश. पहिली ३-४ वर्षं झाड जागचं हललंच नाही असं वाटतं.

आता एक हिशेब, जो झाड लावण्याआधी कुणी करत नाही. नाशिक २० अंश उत्तर अक्षांशावर आहे. मेच्या मध्यावर दुपारी ४ वाजता सूर्य क्षितिजापासून साधारण ४१ अंश वर असतो आणि नेमक्या पश्चिमेच्या ८ अंश उत्तरेला. साडेपाचला तो २० अंशांवर उतरतो आणि उत्तरेला आणखी सरकतो, १३-१४ अंश. म्हणून झाड खिडकीच्या सरळ समोर न लावता दोन-अडीच फूट उत्तरेला सरकवून लावा. मे-जूनची सावली खिडकीवर बरोबर येते.

उंचीचंही तसंच. झाड भिंतीपासून १२ फुटांवर आणि खिडकीचा वरचा काठ ७ फुटांवर धरला, तर ४ वाजताचं ऊन अडवायला पालवी साडेसतरा फुटांपर्यंत पुरते. साडेपाचचं ऊन तर ८ ते १२ फुटांच्या पट्ट्यातून येतं. म्हणजे ६० फुटी झाडाची गरजच नाही. १८ फुटी, पण ७ फुटांपासून भरलेलं झाड हवं. बरेच जण गाडी खाली लागावी म्हणून फांद्या १०-१२ फुटांपर्यंत छाटतात आणि मग संध्याकाळचं ऊन खालून आत येतं.

करंज सुचवतील काही जण. वाढतो भराभर, पण एवढ्या जागेत मुळांचा आणि घेराचा त्रास होतो. मोकळ्या मैदानात जरूर लावा.

---

पश्चिमेची_खिडकी

सगळ्यांचे मनापासून आभार. खिडकीचा हिशेब तर कागदावर काढून पाहिला, अगदी पटला. आता असं ठरतंय की खिडकीसमोर बकुळ आणि वायव्य कोपऱ्यात धामण. माळीदादा म्हणतात ३ बाय ३ बाय ३ चा खड्डा घ्या, सगळी काळी माती बाहेर फेका आणि निम्मं शेणखत, निम्मी पोयटा माती भरा. करू का?

भावालाही तिकडे लावताना काय काळजी घ्यायची ते कुणी सांगितलं तर बरं होईल.

---

काळी_माती

खड्ड्याचं माप बरोबर, भरण चुकीचं. नाशिकमध्ये बंगल्यातली निम्मी रोपं याच भरणानं मरतात असं माझं ठाम मत आहे.

काळ्या चिकण मातीत कुदळीनं खड्डा घेतला की त्याच्या भिंती सारवल्यासारख्या गुळगुळीत होतात. त्यात भुसभुशीत मिश्रण भरलं की पावसाचं पाणी आजूबाजूच्या जमिनीपेक्षा आधी खड्ड्यात उतरतं, पण भिंतीतून बाहेर जात नाही. खड्ड्याचं रांजण होतं. ऑगस्टमध्ये पानं पिवळी पडतात, माणसाला वाटतं पाणी कमी पडलं आणि तो आणखी पाणी घालतो. शिवाय निम्मं शेणखत कुजत कुजत बसतं आणि वर्षभरात रोप चार-सहा इंच खाली खचतं. बुंध्याशी माती येते, साल कुजते.

हे असं करा:

खड्डा एप्रिलच्या शेवटी घ्या, ३ बाय ३ रुंद आणि अडीच-तीन फूट खोल. तुमच्याकडे अडीच फुटांवर मुरूम आहे हे नशीब. तळाचा मुरूम पहारीनं आणखी अर्धा फूट फोडा, निचऱ्याची वाट तीच. भिंतींवर पहारीनं ओरखडे काढून त्या खडबडीत करा. तीन आठवडे उन्हात तापू द्या.

भरण्याआधी फूटभर पाणी भरून मुरू द्या, मग पुन्हा फूटभर भरा. दुसऱ्यांदाचं पाणी तासाला इंचभर उतरलं तर उत्तम. दुसऱ्या दिवशी निम्मं तसंच दिसलं तर रोप जमिनीच्या पातळीत न लावता ९-१० इंच उंच, ४-५ फूट रुंद उंचवट्यावर लावा.

भरण: निघालेलीच काळी माती दोन भाग, मुरूम किंवा जाड वाळू एक भाग. एका खड्ड्याला पूर्ण कुजलेलं शेणखत २ घमेली आणि निंबोळी पेंड १ किलो. खत वरच्या फूटभरातच मिसळा, तळाला नको. अर्धवट कुजलेलं खत म्हणजे हुमणी आणि वाळवीला आमंत्रण.

पहिल्या पावसाला घाईनं लावू नका. जमीन दीड फूट ओली झाल्यावर, नाशिकला बहुधा जूनअखेर ते जुलैचा पहिला पंधरवडा, तेव्हा लावा. पिशवी ब्लेडनं उभी चिरून काढा. तळाशी गोल फिरलेली मुळं कापून टाका, नाहीतर पाच-सात वर्षांनी तीच खोडाला फास लावतात. खोड जिथे मुळांकडे रुंदावतं तो भाग मातीच्या वर दिसलाच पाहिजे. आधाराला मुळांच्या गोळ्याबाहेर दोन बांबू लावा आणि सुतळी सैल, इंग्रजी आठच्या आकड्यासारखी बांधा. वर्षानं काढून टाका.

पावसाळ्यात आळं करू नका, उलट माती बुंध्यापासून बाहेर उतरती ठेवा. आळं ऑक्टोबरात, दीड-दोन फूट लांबून. पहिल्या वर्षी ऑक्टोबर ते जानेवारी ५-६ दिवसांनी १५ ते २० लिटर, फेब्रुवारी ते जून ३-४ दिवसांनी २० लिटर. दुसऱ्या वर्षी आठवड्याला ३० ते ४० लिटर, तिसऱ्या वर्षी पंधरवड्याला एकदा भरपूर. रोज तांब्याभर घातलं तर मुळं वरच राहतात. पाणी द्यायच्या आधी चार इंच खोल बोट-काडी घालून पाहा. वर भेगा दिसल्या तरी खाली माती ओली असू शकते.

भेगा मात्र पडू देऊ नका, त्यात बारीक मुळं तुटतात. उसाचं पाचट, वाळका पाला किंवा द्राक्षाच्या छाटणीच्या काड्यांचा चुरा ३ इंच जाड पसरा. बुंध्याभोवती ४ इंच जागा उघडी ठेवा, आच्छादन खोडाला टेकलं की वाळवी वर चढते. खोडाला दोन फुटांपर्यंत बोर्डो पेस्ट लावा: १ किलो मोरचूद, १ किलो चुना, १० लिटर पाणी, हे प्रमाण धरून लागेल तेवढीच करा. भांडं प्लास्टिकचं वापरा, लोखंडी नको. तिच्या फिकट निळसर थरानं पश्चिमेचं ऊनही थोडं परततं.

बोअरचं ९०० टीडीएस चालेल, पण सलग महिनोन् महिने नको. पानांच्या कडा तपकिरी व्हायला लागल्या तर नळाचं पाणी नेहमीच्या दुप्पट द्या म्हणजे क्षार खाली धुतले जातात. आरओचं वाया जाणारं पाणी झाडाला अजिबात नको.

---

पानझड

भावासाठी. जागा घरापासून निदान २० फूट लांब, वर विजेच्या तारा नसलेली. लावायची वेळ वसंतात बर्फ गेल्यावर, किंवा पानगळीच्या सुरुवातीला. खड्डा मुळांच्या गोळ्याच्या दोन-तीनपट रुंद, पण गोळ्याइतकाच खोल. पहिली दोन वर्षं आठवड्याला इंचभर पाऊस पडला नाही तर तेवढं पाणी द्यावं. आच्छादन २ ते ४ इंच, खोडापासून लांब.

बासवूडच्या बुंध्यातून धुमारे सारखे फुटतात. एक खोड हवं असेल तर हिवाळ्याच्या अखेरीस ते तळापासून कापायचे. कोवळं खोड हिवाळ्यात दुपारच्या उन्हानं तापतं आणि रात्री गोठतं, त्यानं साल उभी फाटते. थंडी सुरू होताना खोडाला पांढरा कागदी पट्टा गुंडाळायचा आणि वसंतात न विसरता काढायचा. साल कुरतडणाऱ्या सशांसाठी जाळी.

मावा पडला की पानांवरून चिकट पाणी गळतं. झाडाला फार इजा नाही, पण खाली गाडी लावू नये. जपानी भुंगेरे पानाची जाळी करतात. लहान झाडावरचे सकाळी, ते सुस्त असताना, साबणाच्या पाण्यात झटकून टाकायचे.

फवारणी करायचीच नाही, हे त्याला बजावून सांगा. जून २०१३ मध्ये ओरेगॉनच्या विल्सनविल गावात पार्किंगमधल्या फुललेल्या लिंडेनवर, म्हणजे बासवूडच्याच जातभाईंवर, माव्यासाठी डायनोटेफ्युरॉन हे कीटकनाशक मारलं गेलं. ५० हजारांहून जास्त बंबलबी झाडाखाली मरून पडल्या. तो तर नुसता मावा होता, पाण्याच्या फवाऱ्यानं गेला असता.

---

सह्याद्रीची_झाडं

हे आपल्याकडेही तितकंच लागू. नाशिकमध्ये घरोघर कुणाच्या ना कुणाच्या द्राक्षबागेतली इमिडाक्लोप्रिडची उरलेली बाटली असते आणि पिठ्या ढेकूण दिसला की ती बाहेर येते. डायनोटेफ्युरॉनच्याच गटातलं औषध आहे ते. आळ्यात ओतलं तरी झाडातून फुलापर्यंत पोचतं. धामणीच्या आणि बकुळीच्या जवळ ते आणूच नका. पिठ्या ढेकूण कोवळ्या शेंड्यावर दिसला की पाइपानं जोरात पाणी मारा, पुन्हा आला तर ५ मिली निंबोळी तेल आणि दोन-तीन थेंब साबण लिटरभर पाण्यात घालून संध्याकाळी फवारा, तेही फुलं नसताना. मुंग्यांची रांग खोडावर दिसली तर आधी ती तोडा, ढेकणाची राखण त्याच करतात.

धामणीची छाटणी जानेवारीअखेर ते फेब्रुवारी, पानं झडताना. पावसाळ्यात नको. पहिली चार वर्षं एकच शेंडा वर जाऊ द्या, जोडशेंडा आला तर दुबळा कापा. खालच्या फांद्या एका वर्षात सगळ्या काढू नका. झाडाच्या उंचीचा वरचा दोन-तृतीयांश भाग पालवीचा राहिला पाहिजे, नाहीतर खोड काठीसारखं बारीक राहून वाऱ्यानं वाकतं.

---

पश्चिमेची_खिडकी

नोंद केली. शेवटची शंका: धामण कोपऱ्यात कंपाउंडपासून ४ फुटांवर चालेल का? आणि बकुळ मोठी होईपर्यंत खिडकीचं काय?

---

कंपाउंडची_बाग

४ फूट कमी पडतील. काळी माती उन्हाळ्यात आकसते आणि मोठं झाड तिच्यातलं पाणी ओढून ती आणखी आकसवतं. घराचा पाया मुरमात गेलेला असतो, तो तग धरतो. कंपाउंडची भिंत बहुतेक वेळा काळ्या मातीतच उभी असते, ती तडकते. निदान ७ फूट सोडा. पाण्याची जमिनीतली टाकी आणि ड्रेनेजचे चेंबर यांपासून १० फूट. कोपऱ्यात तेवढं अंतर निघत नसेल तर धामणीऐवजी तिचीच बहीण फालसा लावा. दरवर्षी जानेवारीत तीन फुटांवर छाटलं की झुडूप आटोक्यात राहतं, नव्या फुटीवर फुलं येतात, मधमाश्याही येतात आणि मे महिन्यात फालसे खायला मिळतात.

जागा खुंटी ठोकून आधी नक्की करा. झाड मोठं झाल्यावर ते आपल्याच आवारात असलं तरी १९७५ च्या वृक्ष संरक्षण कायद्यानुसार महापालिकेच्या परवानगीशिवाय तोडता येत नाही.

खिडकीसाठी तोवर भिंतीपासून दीड फूट पुढे लोखंडी चौकट उभी करून कृष्णकमळ चढवा. दोन उन्हाळ्यांत भरतं. वेल थेट भिंतीवर चढवू नका. मधून हवा खेळली तरच खोली थंड राहते.